बाउता: व्हेनिसच्या पांढऱ्या मुखवट्याची कुळकथा

मुखवटा म्हटला की आपल्या डोक्यात एक समीकरण तयार असते: वर खोटे, आत खरे. अमक्या पुढाऱ्याचा मुखवटा गळून पडला, असे वर्तमानपत्रे लिहितात. मुखवटे उतरवा आणि स्वतःला शोधा, असे व्यक्तिमत्त्व विकासाची पुस्तके बजावतात. हे समीकरण इतके अंगवळणी पडले आहे की त्यालाही कधीतरी जन्म घ्यावा लागला असेल, अशी शंका आपल्याला येत नाही. माझे म्हणणे असे की ते बरेच अलीकडचे आहे, आणि ते आकार घेत असताना पाहायचे तर अठराव्या शतकातल्या व्हेनिसइतकी चांगली जागा दुसरी नाही. तिथे वर्षातले जवळजवळ सहा महिने मुखवटा घालून हिंडायची रीत होती, आणि तो घालणाऱ्यांना आपण आपले खरे रूप दडवत आहोत असे मुळीच वाटत नव्हते.

व्हेनिसमध्ये मुखवटे जुनेच होते. मुखवटे चढवून अंडी फेकण्याचा खेळ खेळणाऱ्यांना मनाई करणारा कायदा 1268 मधला आहे, आणि 1436 मध्ये मुखवटे घडवणाऱ्या कारागिरांना स्वतःची नियमावली मिळाली. पण ते मुखवटे कार्निव्हलचे, म्हणजे ख्रिस्ती उपासाचा काळ सुरू होण्याआधीच्या धुडगुसाचे. त्यात सोंग होते, थट्टा होती. सतराव्या शतकाच्या उत्तरार्धात रूढ झालेला बाउता मात्र कोणाचेच सोंग नव्हता. डोके, कान आणि खांदे झाकणारे काळे रेशमी खोळीसारखे वस्त्र, त्यावर तीन कोपऱ्यांची काळी टोपी, अंगभर काळा झगा, आणि चेहऱ्यावर मेण चढवलेल्या कापडाचा किंवा कागदाच्या लगद्याचा पांढराफटक मुखवटा. या मुखवट्यावर हसू नाही, राग नाही, वय नाही. त्याचा वरच्या ओठाचा भाग चोचीसारखा पुढे आलेला असे. त्यामुळे खाली हनुवटीशी जागा राहायची आणि मुखवटा न काढता जेवता येई, पिता येई, बोलता येई. आवाज तेवढा जरा बदले. पुरुष हाच वेष घालत आणि स्त्रियाही. ऑक्टोबरच्या सुरुवातीपासून नाताळापूर्वीचे काही दिवस वगळता थेट उपासाच्या काळापर्यंत, आणि नंतर असेन्शनच्या, म्हणजे ख्रिस्ताच्या स्वर्गारोहणाच्या, सणाच्या पंधरवड्यात, हा शहराचा नित्याचा पोशाख होता.

आता अशा निर्विकार वस्तूची गरज कोणाला पडली? उत्तर शहराच्या व्यवस्थेत सापडते. व्हेनिसची सत्ता एका सोनेरी वहीत नावे नोंदलेल्या मोजक्या उमराव घराण्यांच्या हाती होती. या उमरावांनी परक्या देशांच्या वकिलांशी आणि त्यांच्या माणसांशी संबंध ठेवू नयेत, असा कडक कायदा होता. पण 1637 मध्ये सान कास्सियानोचे ऑपेरागृह तिकीट काढून येणाऱ्या कोणालाही खुले झाले, आणि पुढच्याच वर्षी सरकारच्या संमतीने रिदोत्तो हा सार्वजनिक जुगारखाना सुरू झाला. उमराव, व्यापारी, वकील, परदेशी पाहुणे सगळे एका छताखाली येऊ लागले. एरवी प्रत्येकाला प्रत्येकाचा दर्जा पाहून मान द्यावा, वाट सोडावी, तोंड फिरवावे लागले असते. बाउताने ही अडचण सोडवली. मुखवटाधारी माणूस कोण, हे अनेकदा चालीवरून आणि आवाजावरून सहज कळत असे, तरी ते न कळल्यासारखे वागायचे अशी सर्वांची मूक संमती होती. नाव न घेता, पदवी न उच्चारता, उमरावालाही आणि दुकानदारालाही ‘सिओरा मास्केरा’, म्हणजे ‘बाईसाहेब मुखवटा’, एवढेच म्हणायचे. रिदोत्तोत तर खेळायला येणाऱ्याला मुखवटा सक्तीचा होता. उघड्या चेहऱ्याने बसायचा तो फक्त पत्ते वाटणारा उमराव.

यावर लगेच आक्षेप येईल की ही फार सात्त्विक बाजू झाली. प्रेमप्रकरणांसाठी गाजलेल्या कासानोव्हाच्या शहरात मुखवट्याआड काय काय चालत असे, हे जगाला ठाऊक आहे. चालत असेच, हेरही मुखवटे घालून फिरत आणि प्रेमिकही. पण पिएत्रो लोंगी याने 1751 च्या सुमारास काढलेले गेंड्याचे चित्र पाहावे. डच दर्यावर्दी डाउवे व्हान डर मेर याने भारतातून नेलेली क्लारा नावाची गेंड्याची मादी तेव्हा युरोपभर दाखवली जात होती आणि त्या वर्षीच्या कार्निव्हलसाठी व्हेनिसमध्ये आली होती. चित्रात ती शांतपणे चारा खाते आहे, राखणदाराने तिचे गळालेले शिंग हातात धरले आहे, आणि मागे बाकांवर प्रेक्षक आहेत. काहींचे चेहरे उघडे, काही बाउतामध्ये. त्यांत चोरटेपणाचा मागमूस नाही. दिवसाढवळ्या लोक जनावर पाहायला आले आहेत आणि मुखवटा त्यांच्या अंगावर टोपीइतका सहज आहे. पाप लपवण्यासाठी जिचा शोध लागला, ती वस्तू माणसे अशा निरुपद्रवी कामाला घालून जात नाहीत. व्यभिचाराला ती उपयोगी पडली, ही तिची आनुषंगिक कामगिरी.

आणि मुखवटा उतरला की काय दिसे? याचा विलक्षण पुरावा ज्या माणसाने ठेवला आहे, तोच पुढे ‘खऱ्या स्वत्वा’चा युरोपातला सर्वांत मोठा प्रवक्ता ठरला. जाँ-जाक रूसो 1743-44 मध्ये व्हेनिसला फ्रेंच वकिलाचा सचिव होता. पॅरिसच्या इटालियन नाटकमंडळीने करारबद्ध केलेला व्हेरोनेसे नावाचा नट आगाऊ रक्कम घेऊनही तिकडे न जाता व्हेनिसच्याच एका नाट्यगृहात काम करत होता. नाट्यगृहाचा मालक उमराव. त्याला वकिलातीतल्या माणसाने उघडपणे भेटणे अशक्य. रूसो आत्मचरित्रात सांगतो की कार्निव्हल चालू होता, तेव्हा त्याने बाउता चढवला, मालकाचा वाडा गाठला, एक ‘सिओरा मास्केरा’ आली आहे अशी वर्दी दिली, आणि आत जाताच मुखवटा काढून आपले नाव सांगितले. तो सिनेटर पांढरा पडला. नटाला आठवड्याभरात पॅरिसला धाडण्याची व्यवस्था झाली. मला हा प्रसंग फार बोलका वाटतो. सिनेटर घाबरला तो समोर कोणाचे अंतरंग उघडे पडले म्हणून नव्हे. मुखवट्याखालून निघाला फ्रान्सच्या राजाच्या वकिलाचा सचिव, म्हणजे आणखी एक भूमिका, आणि तीही जास्त धोक्याची. मुखवटा असेपर्यंत दोघे सुरक्षित होते.

आपले समीकरण त्यानंतरच्या दशकांत जुळून आले. त्यातला एक धागा खुद्द व्हेनिसच्या रंगभूमीवरचा आहे. कार्लो गोल्दोनी पांतालोने, आर्लेक्किनो अशा ठरीव मुखवट्यांच्या नाटकांना कंटाळला होता. 1750 मध्ये त्याने ‘पामेला’ हे मुखवट्यांशिवायचे नाटक आणले. नटाच्या मनातली खळबळ चेहऱ्यावर दिसली पाहिजे आणि मुखवटा ती अडवतो, हे त्याचे म्हणणे. त्याच 1750 मध्ये रूसोचा कला आणि शास्त्रांवरचा निबंध गाजला, आणि त्यातली तक्रार हीच की सभ्यतेच्या आवरणाखाली माणूस जसा आहे तसा दिसेनासा झाला आहे. 1758 मध्ये तत्त्वज्ञ द’अलांबेरला लिहिलेल्या प्रदीर्घ पत्रात त्याने नटाच्या धंद्यावरच हल्ला चढवला: स्वतःचे नसलेले रूप घेण्याची ही कला. एकाला चेहऱ्यावर अंतःकरण वाचायचे होते, दुसऱ्याला समाजातच नाटक नको होते. दोघांनीही गृहीत धरले ते एकच, की आत एक पूर्ण तयार माणूस बसला आहे आणि त्याच्या वरचे आवरण दूर करणे एवढेच काम उरले आहे. 1797 मध्ये व्हेनिसचे प्रजासत्ताक बुडाले, बाउताही रस्त्यावरून गेला, आणि नंतरच्या पिढ्यांनी तो आठवला तो या नव्या चष्म्यातून: कपटाचे, चैनीचे, सडलेल्या उमरावशाहीचे चिन्ह म्हणून.

या सगळ्यावर सर्वांत वजनदार आक्षेप वेगळाच आहे. आत काही खरे नसेलच, तर खोट्या भूमिकेत जगणाऱ्याचा जीव का घुसमटतो? सासरी, कचेरीत, जातीच्या चौकटीत वर्षानुवर्षे दुसऱ्याच्या मनासारखे वागणाऱ्याचे दुःख काय भास आहे? तो भास नाही, आणि रूसोला ते दुःख दिसले ही त्याची मोठीच कामगिरी. पण त्याने निदान चुकवले असे मला वाटते. व्हेनिसमध्येच मोरेत्ता नावाचा दुसरा मुखवटा होता. काळ्या मखमलीचा, लंबगोल, फक्त स्त्रियांचा. त्याला दोरी नसे. आतल्या बाजूची गुंडी दातांत धरून तो तोंडावर टिकवायचा. म्हणजे तो घातलेल्या बाईला बोलायचे असेल तर मुखवटा सोडावा लागे, आणि मुखवटा ठेवायचा असेल तर गप्प बसावे लागे. लोंगीच्या त्या गेंड्याच्या चित्रात ही मोरेत्ता घातलेली एक स्त्रीही आहे. चेहरा बाउताही झाकतो आणि मोरेत्ताही. पण एकाने ज्याला एरवी तोंड उघडता येत नव्हते त्याला परक्याशी बोलण्याची मुभा दिली, तर दुसऱ्याने चारचौघांत उभ्या असलेल्या माणसाची वाचा काढून घेतली. घुसमट झाकण्यामुळे असती तर दोन्हींत सारखी झाली असती. म्हणून एखाद्या भूमिकेविषयी विचारायचे ते हे: ती कोणी दिली, ती भूमिका आहे हे समोरच्याला माहीत आहे का, तिच्यातून बोलता येते का, आणि संध्याकाळी ती खुंटीला टांगता येते का. ज्याला या प्रश्नांची बरी उत्तरे मिळतात, त्याच्या हातून आतल्या माणसाचा शोध सहसा राहूनच जातो, आणि त्याचे काही बिघडत नाही.

रूसोचे स्वतःचे पुढचे आयुष्यही याच बाजूने साक्ष देते. 1762 नंतर हद्दपारीत असताना त्याने आर्मेनियन झगा आणि केसाळ टोपी घालायला सुरुवात केली. मूत्राशयाच्या दुखण्यामुळे तो सैल पोशाख सोयीचा होता, हे खरेच. पण पाहणाऱ्यांच्या दृष्टीने ते साधेपणाचे आणि स्वातंत्र्याचे निशाण झाले, आणि 1766 मध्ये अॅलन रॅम्झीने त्याचे व्यक्तिचित्र काढले तेही त्याच वेषात. पुढे आपले आत्मकथन त्याने पॅरिसच्या दिवाणखान्यांत निवडक श्रोत्यांसमोर तासन्‌तास मोठ्याने वाचून दाखवले. स्वतःची पाच मुले अनाथाश्रमात सोडल्याची कबुलीही त्यात आहे. इतके अवघड सत्य सांगायला त्याला श्रोते लागले, वेळ ठरवावी लागली, आवाज लावावा लागला. 1771 मध्ये त्याची एकेकाळची आश्रयदाती मादाम देपिने हिच्या विनंतीवरून पोलिसांनी ती वाचने थांबवली, कारण त्याच्या खरेपणात तिच्यासारख्या इतरांचेही चेहरे उघडे पडत होते, आणि त्यांना कोणी विचारले नव्हते.