ठेवा कुठे ठेवला?

माझ्या आजीला वस्तू लपवून ठेवायची सवय होती. वाईजवळच्या आमच्या गावच्या वाड्यात तिचे पैसे तांदळाच्या डब्यात असत, किल्ल्या हरभऱ्याच्या डाळीत, आणि पुतळ्यांची माळ कुठे असे ते शेवटपर्यंत कुणालाच कळलं नाही. आजी गेली. १९८८ साली वाडा विकला आणि घेणाऱ्याने तो पाडला. पाडताना काय सापडलं ते त्याने सांगितलं नाही आणि आम्हीही सभ्य माणसं असल्यामुळे विचारलं नाही. फक्त पुढची दहा वर्षं दर दिवाळीला घरात त्यावर चर्चा केली.

या आजीची मला परवा तीव्रतेने आठवण झाली ती कॉम्प्युटरमुळे.

आमचा नातू आठवीत आहे. तो माइनक्राफ्ट नावाचा खेळ खेळतो. स्वीडनमध्ये तयार झालेला आणि २०११ साली पूर्ण स्वरूपात बाजारात आलेला हा ठोकळ्यांचा खेळ. ठोकळे फोडायचे, ठोकळे रचायचे. लहानपणी आम्ही वाळूत किल्ले करायचो, तेच. फक्त कपडे खराब होत नाहीत. आमच्या नातवाने यात दोन मे महिने खर्चून काय बांधावं? आमचा वाडा! जेवताना मी जे पुराण लावत असे ते तो ऐकत होता, याचा पुरावा मला प्रथमच मिळाला. दिंडी दरवाजा, ओसरी, चौक, तुळशीवृंदावन, मागची विहीर, सगळं जागच्या जागी. न्हाणीघर डाव्या हाताला की उजव्या, यावर नाशिकच्या थोरल्या भावाशी माझा फोनवर अर्धा तास वाद झाला. वाड्याचा धड फोटो आमच्याकडे एकही नाही. आहेत ते सगळे लग्नामुंजीचे, त्यात पुढे माणसं आणि मागे दीड खांब. म्हणजे वाडा म्हणून जो काही उरला होता तो या ठोकळ्यांचाच.

अशात कॉम्प्युटर मंदावला. दुरुस्तीवाला मुलगा म्हणाला, "काका, विंडोज नव्याने टाकतो. तुमचं जे काही असेल ते आधी काढून ठेवा." मी बँकेचे कागद काढले, फोटो काढले, हिच्या लोणच्याच्या कृती काढल्या. आणि जबाबदार आजोबा या नात्याने नातवाचा खेळही काढला. 'प्रोग्रॅम फाइल्स (एक्स८६)' नावाच्या कपाटात त्या खेळाच्या नावाची फाइलींची पेटी, म्हणजे फोल्डर, दिसलं. ते उचलून पेन ड्राइव्हवर घातलं आणि निश्चिंत झालो.

काम उरकलं. नातू शिबिराहून आला, पेन ड्राइव्ह लावला आणि पाच मिनिटांनी म्हणाला, "आजोबा, हा तर नुसता लाँचर आहे. वाडा कुठंय?"

खेळ होता, वाडा नव्हता. आमचा वाडा दुसऱ्यांदा पडला होता आणि या खेपेला पाडणारा मी होतो.

आता, खेळ एका जागी आणि खेळणाऱ्याची कमाई भलत्याच जागी, हा काय प्रकार? निवृत्त माणूस संकटात सापडला की इतिहासात शिरतो. मीही शिरलो.

आरंभी असा प्रश्नच नव्हता, कारण ठेवायला काही नसे. १९७८ साली जपानमध्ये 'स्पेस इनव्हेडर्स'ची यंत्रं आली. नाणं टाका, खेळा, मरा. सर्वांत मोठा आकडा पडद्यावर झळके, पण रात्री मालकाने बटण बंद केलं की तोही जाई. रोज सकाळी सगळे पुन्हा सारखे! मोठ्या कॉम्प्युटरवर मात्र सोय होती. विल क्राउदर यांनी रचलेला आणि १९७७ मध्ये डॉन वुड्स यांनी वाढवलेला 'ॲडव्हेंचर' हा गुहेतला खेळ अर्ध्यावर थांबवून ठेवता येई. पण पुन्हा सुरू करण्यापूर्वी काही वेळ थांबावंच लागे, अशी अट त्यातच घातलेली होती. ते कॉम्प्युटर लोकांना कामासाठी दिलेले होते, हे त्यामागचं गुपित.

मग जपान्यांनी ही कमाई चक्क कागदावर आणली. १९८६ च्या 'ड्रॅगन क्वेस्ट'मध्ये खेळ थांबवताना पडद्यावर वीस जपानी अक्षरांचा मंत्र उमटे. तो वहीत उतरवायचा आणि दुसऱ्या दिवशी तसाच भरायचा. पुढच्या वर्षी दुसरा भाग आला, त्यात हा मंत्र बावन्न अक्षरांपर्यंत गेला. एक अक्षर चुकलं की सगळी तपश्चर्या वाया. शुद्धलेखनाचे दहा गुण जाण्यापेक्षा ही शिक्षा कडक होती, आणि जपानी मुलांचं अक्षर सुधारलं असेल तर माझ्या मते त्याचं श्रेय इथे आहे.

'लेजंड ऑफ झेल्डा' या खेळाने १९८७ साली अमेरिकेत खेळाच्या डबीतच घड्याळातल्यासारखी चपटी बॅटरी बसवली. खेळणाऱ्याची कमाई त्या बॅटरीच्या जिवावर जगे. यंत्र बंद करताना 'रीसेट'चं बटण दाबून धरा, मगच वीज बंद करा, अशी सूचना असे. म्हणजे गॅस बंद करताना एका हाताने दार धरून उभं राहण्यासारखंच. आता त्या बॅटऱ्या वयोमानानुसार जात आहेत आणि त्यांच्याबरोबर लोकांची बालपणं.

या सगळ्यात शहाणा निघाला तो आमच्या ओळखीचा 'प्रिन्स ऑफ पर्शिया'. जॉर्डन मेकनर यांनी तो १९८९ साली केला. आमच्याकडे तो चिरंजीवांच्या कॉम्प्युटर क्लासमधून फ्लॉपीवर बसून आला. ते बूट बाहेर काढून कॉम्प्युटरच्या खोलीत शिरण्याचे दिवस होते. साठ मिनिटांत राजकन्येला सोडवायचं. कंट्रोल आणि जी ही बटणं एकदम दाबली की 'प्रिन्स डॉट सॅव्ह' ही फाइल तयार होई. तिची लांबी आठ बाइट. उरलेली मिनिटं, चालू मिनिटाचा हिशेब, कितवा मजला आणि अंगात जीव किती, एवढंच लिहिलेलं. राजपुत्राचा सगळा संसार आठ बाइटमध्ये! आजच्या पद्धतीने देवनागरीत 'वाडा' हा नुसता शब्द लिहायला बारा बाइट लागतात. आणि मुख्य म्हणजे ही फाइल खेळाच्या शेजारीच, त्याच फोल्डरात पडलेली असे. फोल्डर उचललं की कमाईही आली.

मी अजून त्याच काळात राहतो, हे माझ्या लक्षात आलं नव्हतं.

मधल्या काळात घराघरात एका कॉम्प्युटरवर चार माणसं बसू लागली. कुणाचा डबा कुणी उघडू नये म्हणून प्रत्येकाला वेगळी खोली मिळाली. २००७ साली विंडोज व्हिस्टा आलं आणि नियम कडक झाले. 'प्रोग्रॅम फाइल्स' ही सामाईक जागा, तिथे साध्या प्रोग्रॅमने परवानगीवाचून काही लिहायचं नाही. नियम योग्यच होता, कारण खेळाला लिहिता येतं तसं व्हायरसलाही येतं. पण जुने खेळ सवयीने तिथेच लिहू पाहत. विंडोज त्यांना "हो हो, ठेवलं" असं सांगून ती फाइल गुपचूप 'व्हर्च्युअल स्टोअर' नावाच्या अडगळीत सारी. सासूसमोर हो म्हणायचं आणि नंतर आपल्या मनासारखं करायचं, ही युक्ती अमेरिकेतही माहीत आहे तर!

खेळांसाठी 'सेव्ह्ड गेम्स' नावाचं स्वतंत्र फोल्डरही प्रत्येकाच्या खोलीत दिलं होतं. पण थोडे खेळ तिथे राहायला गेले, काहींनी 'डॉक्युमेंट्स'मध्ये 'माय गेम्स' असं बिऱ्हाड थाटलं आणि पुष्कळसे 'ॲपडेटा'मध्ये शिरले. हे 'ॲपडेटा' लपवलेलं असतं. कुणी अजाणता पुसू नये म्हणून, म्हणजे माझ्यासारख्यांपासून. त्यात पुन्हा तीन खण आहेत: लोकल, लोकललो आणि रोमिंग. रोमिंग कशासाठी? तर मोठ्या कचेरीत माणूस कुठल्याही कॉम्प्युटरवर बसला तरी त्याचं सामान त्याच्यामागे फिरावं म्हणून. घरी ते कुठेही फिरत नाही.

स्टीमसारख्या दुकानांनी २००८ पासून या कमाईची एक प्रत आपल्याकडे ठेवण्याची सोय केली. तिथे खेळावर उजवी कळ दाबली की 'ब्राउझ लोकल फाइल्स'ने खेळाचं घरही सापडतं. पण नातवाकडे माइनक्राफ्टची जावा आवृत्ती होती. तिचं जग ज्याच्या त्याच्या यंत्रावरच असतं.

हे सगळं ज्ञान मिळालं, पण वाडा मिळाला नाही. नातू मला काही बोलत नव्हता. त्यानेच मला जास्त लागत होतं. भांडला असता तर मीही भांडलो असतो.

शेवटी सहाव्या दिवशी भाच्याला फोन केला. तो म्हणाला, "मामा, डिस्क पुसून टाकली की नुसतं वरून नवं विंडोज टाकलं? सी ड्राइव्हवर 'विंडोज डॉट ओल्ड' दिसतंय का बघा. जुनं सामान त्यात सरकवलेलं असतं. पण घाई करा, साधारण दहा दिवसांनी ते आपोआप पुसलं जातं."

दिसत होतं! आम्ही आजोबा-नातू दोघे एका खुर्चीवर बसलो. विंडोज डॉट ओल्डच्या आत यूजर्स, त्यात नातवाचं नाव. पुढे रस्ता बंद. मग 'व्ह्यू'मध्ये 'हिडन आयटम्स'वर खूण केली, तशी फिकट रंगाचं 'ॲपडेटा' वर आलं. त्यात रोमिंग. त्यात टिंबापासून नाव सुरू होणारं माइनक्राफ्टचं फोल्डर. त्यात 'सेव्ह्ज'. आणि त्यात एकच फोल्डर होतं, 'आजोबांचा वाडा'.

त्याने ते नाव दिलं होतं हे मला ठाऊक नव्हतं. मी चष्मा पुसला. काच खराब होती.

रात्री वाड्यात जाऊन आलो. न्हाणीघर डाव्या हातालाच आहे. भावाला कळवलं.

या अनुभवातून मी एवढंच शिकलो: खेळ हरवला तर पुन्हा मिळतो, पण त्यात घातलेले दोन मे महिने कुठल्याच दुकानात मिळत नाहीत. म्हणून कॉम्प्युटरला हात लावण्यापूर्वी विंडोजची कळ आणि आर दाबावं, 'ॲपडेटा' हा शब्द दोन टक्केचिन्हांच्या मध्ये लिहावा, एंटर मारावं आणि तो लपलेला खण आधी बघावा. आम्ही आता वाड्याच्या तीन प्रती केल्या आहेत. एक कॉम्प्युटरवर, एक भाच्याकडे आणि एक पेन ड्राइव्हवर.

पेन ड्राइव्ह कुठे आहे, असं काल नातवाने विचारलं. ही स्वयंपाकघरातून म्हणाली, "अगदी सुरक्षित आहे. हरभऱ्याच्या डाळीत ठेवलाय."