विडाल चाचणी

विडाल चाचणी : विषमज्वराच्या, म्हणजे टायफॉइडच्या (मुदतीचा ताप), निदानासाठी वापरली जाणारी रक्तजलाची समूहन (जंतूंचे पुंजके होणे) चाचणी. साल्मोनेला टायफी या जंतूविरुद्धची प्रतिपिंडे रुग्णाच्या रक्तजलात आहेत का व किती, एवढेच तिच्यावरून कळते. जंतू स्वतः तिच्यात दिसत नाही. निकाल वाचताना सर्वांत आधी ध्यानात घ्यायचे ते हेच.

इतिहास : फ्रेंच वैद्य फेर्नां विडाल (१८६२–१९२९) यांनी १८९६ मध्ये ती मांडली. माक्स ग्रूबर यांचे समूहनावरील काम त्याच सुमाराचे असल्याने जुन्या ग्रंथांत ‘ग्रूबर-विडाल’ असे जोडनावही आढळते.

पद्धत : नळीपद्धतीत रक्तजल सलाइनमध्ये १:२०, १:४०, १:८० असे दुपटीने विरल करत नेतात आणि प्रत्येक नळीत मारलेल्या जंतूंचा प्रतिजन घालतात. ‘ओ’ प्रतिजन जंतूच्या शरीराचा, ‘एच’ त्याच्या कशाभिकेचा. ‘एएच’ व ‘बीएच’ पॅराटायफॉइडसाठी. नळ्या रात्रभर ३७° से. तापमानात ठेवून सकाळी उजेडासमोर धरतात. एचचे पुंजके पिंजलेल्या कापसासारखे सैल असतात, ओचे खडूच्या भुकटीसारखे दाणेदार. पुंजके दिसणाऱ्या शेवटच्या नळीची विरलता म्हणजे टायटर. काचपट्टीवर निकाल काही मिनिटांत मिळतो, पण तो नळीने पडताळलेला बरा.

अर्थ : प्रतिपिंडे साधारण पहिल्या आठवड्याच्या अखेरीस वाढू लागतात, म्हणून तापाच्या तिसऱ्या दिवशीच्या निगेटिव्ह रिपोर्टवरून टायफॉइड नाही असे म्हणता येत नाही. उलट, पूर्वी झालेला टायफॉइड, लस किंवा मलेरियासारखा दुसरा ताप यांमुळेही टायटर वर दिसू शकते. अनेक प्रयोगशाळा ओ १:८० व एच १:१६० पासून पुढचे आकडे अर्थपूर्ण धरतात. ही सीमा सर्वत्र एक नाही, कारण त्या भागातील निरोगी माणसांचे नेहमीचे टायटर आधी माहीत असावे लागते. खरा भरवसा सात ते दहा दिवसांच्या अंतराने घेतलेल्या दोन नमुन्यांतील चौपट वाढीवर, उदा. १:४० वरून १:१६०. दुसरा नमुना मात्र क्वचितच घेतला जातो. आकडा न देता नुसते ‘विडाल पॉझिटिव्ह’ लिहिलेला रिपोर्ट अपुरा समजावा. एच प्रतिपिंडे बरे झाल्यावरही महिनोन्‌महिने टिकतात. म्हणून ‘टायफॉइड गेला का’ हे पाहण्यासाठी विडाल पुन्हा करू नये. त्यापायी बऱ्या झालेल्या माणसाला पुन्हा प्रतिजैविके सुरू होतात.

पर्याय : पहिल्या आठवड्यात, प्रतिजैविक देण्यापूर्वी घेतलेले ब्लड कल्चर. त्यात जंतू वाढला तर कोणते औषध लागू पडेल हेही कळते.

वाहक : बरे झाल्यावरही जंतू शरीरात बाळगणाऱ्यांसाठी ‘व्हीआय’ प्रतिपिंडांची चाचणी निराळी आहे.