दोगाना : एका शब्दाची हद्दपारी

एखादा शब्द कोशात शिल्लक राहावा आणि वाङ्मयातून मात्र त्याची हद्दपारी व्हावी, असे भाषांच्या इतिहासात पुष्कळदा घडते. उर्दूतील ‘दोगाना’ हा असाच एक शब्द होय. एका टरफलात जुळे गर असलेला बदाम दोघी स्त्रियांनी वाटून खावा आणि परस्परांच्या ‘दोगाना’ व्हावे, अशी ही कल्पना. ‘जनाखी’ हा त्याच घरातला दुसरा शब्द. तेथे कोंबडीच्या छातीचे दोन फाट्यांचे हाड दोघींनी ओढून मोडावयाचे असते. ज्या काव्यात हे शब्द विशेषत्वाने येतात, त्यात या नात्याला निव्वळ मैत्री म्हणता येत नाही. त्यात रुसवा आहे, मत्सर आहे, विरह आहे आणि उघड शृंगारही आहे.

हे काव्य म्हणजे रेख्ती. ‘रेख्ता’ या उर्दू काव्याच्या जुन्या नावावरून सआदत यार खान ‘रंगीन’ (१७५७–१८३५) याने हे स्त्रीलिंगी रूप रूढ केले आणि या प्रकाराच्या जनकत्वावरही हक्क सांगितला. स्त्रीमुखाने बोलणारी गझल त्यापूर्वी सतराव्या शतकात विजापूरच्या हाशमीने लिहिली होती, हे लक्षात घेता तो हक्क निर्विवाद नाही. परंतु स्त्रीने स्त्रीवर केलेल्या प्रेमाला या काव्यात जे स्थान मिळाले, ते रंगीन, त्याचा मित्र इन्शा आणि त्यांचे समकालीन यांच्यामुळे. हाच इन्शा ‘दर्या-ए-लताफत’ हा उर्दूच्या व्याकरणाचा ग्रंथ लिहितो, ही गोष्ट अर्थपूर्ण आहे. कारण रेख्ती हा शृंगाराइतकाच बोलीच्या कुतूहलाचाही आविष्कार होता. रंगीनने आपल्या संग्रहाला बायकांच्या बोलीतील शब्दांची अर्थासहित यादी जोडली, आणि ही बोली आपण गणिकांच्या सहवासात शिकलो, असे मोकळेपणाने सांगितले.

येथे एक सावधगिरी बाळगली पाहिजे. रेख्ती पुरुषांनी लिहिली आणि मुख्यतः पुरुषांच्याच मैफलींत ती वाचली गेली. जान साहिब तर ओढणी घेऊन, बायकी हावभाव करीत ती सादर करी. तेव्हा तिला स्त्रियांची साक्ष मानणे भाबडेपणाचे होईल. तिच्यात थट्टा आहे आणि पुरुषी कुतूहलही आहे. परंतु थट्टा करावयालाही समाजात ओळखीची वस्तू लागते. ‘दोगाना’ म्हणताच लखनौच्या श्रोत्याला अर्थ कळत होता, एवढे तरी या काव्यावरून निश्चित म्हणता येते.

पुढे हवा पालटली. १८५६ मध्ये अवधचे राज्य खालसा झाले. १८६० च्या दंडसंहितेत ३७७ वे कलम आले. १८८० मध्ये ‘आब-ए-हयात’ हा उर्दू काव्याचा इतिहास लिहिताना मुहम्मद हुसेन आझाद यांनी रेख्तीवर पौरुषहानीचा ठपका ठेवला. पराभूत समाज आपल्या पराभवाची कारणे शोधू लागला, की त्याची पहिली दृष्टी आपल्या शृंगारकाव्याकडे वळते. आपल्याकडे लावणीच्या वाट्याला काही निराळे आले नाही. रेख्ती क्षुल्लक ठरली, अश्लील ठरली आणि तिच्याबरोबर तिचे शब्दही गेले.

याचा परिणाम १९४२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या इस्मत चुगताई यांच्या ‘लिहाफ’ या कथेत दिसतो. बेगम आणि तिची दासी यांचे नाते तेथे एका अजाण मुलीच्या डोळ्यांनी दिसते. त्या नात्याला नाव नाही. या कथेवर लाहोरच्या न्यायालयात अश्लीलतेचा खटला चालला, तेव्हा आक्षेपार्ह असा एकही शब्द साक्षीदारांना दाखविता आला नाही आणि लेखिका सुटली. ज्या भाषेत शतकापूर्वी या नात्याला घरगुती नाव होते, त्याच भाषेत आता नाव नसणे हाच बचाव ठरला.

हा दोष केवळ आझादांच्या पिढीचा, असे म्हणून मला मोकळे होता येत नाही. काही वर्षांपूर्वी रेख्तीतील मोजक्या शेरांचे मराठी रूपांतर करताना ‘दोगाना’साठी मी सर्वत्र ‘मैत्रीण’ असे योजिले. भाषांतर प्रासादिक झाले, कोणी आक्षेप घेतला नाही. पण जे काम पूर्वीच्या संपादकांनी शेर गाळून केले, तेच मी एका सभ्य शब्दाने केले होते. ‘समलिंगी प्रेयसी’ म्हणावे, तर न्यायालयाच्या निकालपत्रातली भाषा त्या जनानखान्यात शिरते. सर्वोच्च न्यायालयाने ६ सप्टेंबर २०१८ रोजी सज्ञान व्यक्तींच्या परस्परसंमतीच्या संबंधांपुरते ३७७ वे कलम घटनाबाह्य ठरविले. त्या निकालाने अनेकांना दिलासा दिला. परंतु आजच्या ओळखीचे नाव दोन शतकांपूर्वीच्या स्त्रियांना देणे हाही एक प्रकारचा अनाचारच.

उपाय मराठीच्या स्वभावातच आहे. माधव जूलियनांचा १९२५ चा ‘फार्शी-मराठी कोश’ उघडला, की मराठीने फार्शीतून किती शब्द निःसंकोच आपलेसे केले, ते कळते. दोस्त आला, मर्जी आली, पसंती आली. दोगानाही येऊ शकेल. त्या शेरांची नवी प्रत मी तयार करीत आहे; तीत ‘मैत्रीण’ खोडून मूळ शब्द ठेवला आहे, आणि पहिल्या शेराआधी जुळ्या बदामाची हकीकत दोन ओळींत सांगितली आहे.