म्हसे, जिव्या सोमा
(१९३४ – १५ मे २०१८). वारली चित्रकार. पालघर जिल्ह्यातील डहाणू तालुक्यात गंजाडच्या कळंबीपाड्यावर त्यांचे बहुतेक आयुष्य गेले. लहानपणीच आई वारली. त्या धक्क्याने मुलाचे बोलणे थांबले आणि तो धुळीत चित्रे काढू लागला.

वारली समाजात लग्नाचा देवचौक (चौकोनी विधिचित्र) भिंतीवर लिहिण्याचा मान सुवासिनींचा. विधीपुरतीच असलेली ही चित्रकला म्हसे यांनी रोजच्या कामाची केली, तीही पुरुष असून. १९७० च्या दशकात कलावंत भास्कर कुलकर्णी यांच्या प्रोत्साहनाने ते कागदावर, शेण-गेरूने सारवलेल्या कापडावर रंगवू लागले. त्रिकोण, वर्तुळ, रेघ आणि पांढरा रंग एवढ्याच साहित्यात त्यांनी पेरणी, तारपा या फुंकवाद्यावरचा नाच, मुंग्यांची वारुळे उभी केली. सूक्ष्म रेषांनी विणलेले, सारा कागद व्यापणारे मासेमारीचे जाळे ही त्यांची सर्वांत समर्थ निर्मिती. तिथे रेघ जणू श्वास घेते.

१९८९ मध्ये पॅरिसच्या ‘मॅजिशियन्स ऑफ द अर्थ’ प्रदर्शनात त्यांची चित्रे होती. २००३ मध्ये ड्यूसेलडॉर्फला ब्रिटिश कलावंत रिचर्ड लाँग यांच्यासोबत प्रदर्शन झाले. २०११ मध्ये पद्मश्री मिळाली. सदाशिव आणि बाळू हे त्यांचे मुलगेही चित्रकार आहेत.