ताबा सूचनेविरुद्धचा अर्ज मागे घेणे

थकीत कर्जापोटी बँकेने बजावलेल्या ताबा सूचनेला दिलेले आव्हान निकालापूर्वीच अर्जदाराने सोडून देणे, याला ताबा सूचनेविरुद्धचा अर्ज मागे घेणे म्हणतात. भारतात असे अर्ज सरफेसी कायदा, २००२ च्या कलम १७ खाली कर्जवसुली न्यायाधिकरणापुढे केले जातात. कलम ३४ मुळे दिवाणी न्यायालयाला या बाबींत अधिकार नाही. पातूरसह अकोला जिल्ह्यातील मालमत्तांचे अर्ज नागपूरच्या न्यायाधिकरणाकडे जातात.

== पार्श्वभूमी ==
कलम १३(२) ची मागणी नोटीस मिळाल्यावर कर्जदाराला ६० दिवसांची मुदत असते. त्यानंतर बँक कलम १३(४) खाली ताबा घेते. ताबा सूचना मालमत्तेवर चिकटवली जाते आणि दोन वृत्तपत्रांत छापली जाते. त्यांपैकी एक स्थानिक भाषेतील असावे लागते. या कारवाईविरुद्ध ४५ दिवसांत अर्ज करता येतो. शेतजमिनीवरील तारणास कलम ३१(झ) प्रमाणे हा कायदा लागू नाही, त्यामुळे ग्रामीण भागातील अर्जांत हा मुद्दा वारंवार येतो. मात्र केवळ महसुली नोंद पुरेशी नसून जमीन प्रत्यक्ष शेतीखाली असावी लागते, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२३ मध्ये के. श्रीधर प्रकरणात म्हटले.

== परिणाम ==
अर्ज बहुधा एकरकमी तडजोडीच्या आशेने मागे घेतला जातो. अर्ज मागे घेतल्याने ताबा सूचना रद्द होत नाही. उलट अंतरिम स्थगिती असल्यास तीही संपते आणि बँकेचा लिलावाचा मार्ग मोकळा होतो. तडजोडीच्या अटी आदेशात नोंदवून घेणे म्हणूनच महत्त्वाचे ठरते, कारण एकरकमी तडजोड हा कर्जदाराचा हक्क नाही (बिजनौर अर्बन को-ऑपरेटिव्ह बँक, २०२१). नव्याने अर्ज करण्याची मुभा मागितली नसेल, तर त्याच कारणासाठी पुन्हा दाद मागणे कठीण होते. उच्च न्यायालयातील रिट याचिकांबाबत हे तत्त्व सरगुजा ट्रान्सपोर्ट सर्व्हिस प्रकरणात मांडले गेले. मुभा मिळाली, तरी ४५ दिवसांच्या मुदतीचा प्रश्न उरतोच.

== बाफना मोटर्स प्रकरण ==
नवी मुंबईतील एका मालमत्तेचा युनियन बँक ऑफ इंडियाने लिलाव केला. त्यात सेलिर एलएलपीची १०५.०५ कोटी रुपयांची बोली सर्वोच्च ठरली. त्यानंतर मुंबई उच्च न्यायालयाने कर्जदारांना १२९ कोटी रुपये भरून मालमत्ता सोडवण्यास परवानगी दिली आणि त्यांनी न्यायाधिकरणातील अर्ज मागे घेतला. २१ सप्टेंबर २०२३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केला. २०१६ च्या दुरुस्तीनंतर कलम १३(८) खालील मालमत्ता सोडवण्याचा हक्क लिलावाची सूचना प्रसिद्ध होताच संपतो, असा निर्णय न्यायालयाने दिला. भरलेली रक्कम कर्जदारांना परत मिळाली, मालमत्ता मात्र खरेदीदाराकडे गेली. १३ डिसेंबर २०२४ च्या अवमान प्रकरणातील निकालात, आधी घेता आले असते असे आक्षेप पुन्हा उकरून लिलावाला आव्हान देण्याचा मार्गही न्यायालयाने बंद केला.