रात्री भिजवलेलं पीठ आणि आपला इतिहास

कोकणी मुसलमानांच्या इतिहासाचा विषय निघाला की दोन वाक्यं हमखास ऐकू येतात. एक समाजातल्याच थोरांचं असतं, ‘आपण अरबांचे वंशज.’ दुसरं बाहेरच्यांचं, ‘तुम्ही मूळचे इथले नाहीच.’ पहिलं अभिमानाने म्हटलं जातं, दुसरं हिणवण्यासाठी. अर्थ मात्र दोन्हींचा एकच निघतो. पेण-रोह्याकडच्या घरांत रात्री झाकून ठेवलेलं आंबोळी-खापरोळीचं पीठ या दोघांनाही उत्तर देतं, असं मला वाटतं.

आधी लेखी पुरावा पाहू. रोह्याजवळून वाहणारी कुंडलिका रेवदंड्याला समुद्राला मिळते आणि शेजारीच चौल आहे. अरब लेखक या बंदराला सैमूर म्हणत. हिजरी 304 मध्ये, म्हणजे इसवी सन 916-17 च्या सुमारास, मसूदी हा प्रवासी इथे आला होता. तेव्हा इथे शिलाहार राजा झंझ याचा अंमल होता. मसूदी लिहितो की या शहरात सुमारे 10,000 मुसलमान राहतात. त्यांत सिराफ, ओमान, बसरा आणि बगदादहून आलेले लोक होते. आणि ‘बयासिरा’ही होते, म्हणजे हिंदुस्थानातच जन्मलेले मुसलमान. अकराशे वर्षांपूर्वीच इथे जन्मलेल्या मुसलमानांसाठी वेगळा शब्द होता, ही गोष्ट आपण नीट लक्षात घेत नाही.

व्यापारी, काझी, राजे यांची नावं ग्रंथांत सापडतात. चूल सांभाळणाऱ्या बायकांविषयी मात्र फारसं काही लिहिलेलं नाही. त्यांचा इतिहास शोधायचा तर भांड्यात पाहावं लागतं.

खापरोळी घ्या. तांदूळ, उडीद आणि थोडी मेथी भिजवायची, वाटायची, रात्रभर आंबवायची. सकाळी तव्यावर झाकण ठेवून एकाच बाजूने भाजायची, म्हणजे वर जाळी पडते. मग गूळ-वेलची घातलेल्या नारळाच्या दुधात बुडवून खायची. येमेनमध्ये ‘लहूह’ नावाचा असाच जाळीदार, आंबवलेला पोळा करतात. त्यामुळे खापरोळी अरबस्तानातून आली असं कुणी सांगितलं की पटकन पटतं. पण इथिओपियाचा इंजेराही आंबवलेला आणि जाळीदारच असतो. पीठ, पाणी आणि ऊब मिळाली की कुठेही फसफस सुरू होते. तेवढ्यावरून वंश ठरत नाही.

म्हणून जिन्नस पाहायचे. लहूह ज्वारीचा किंवा गव्हाचा. आपला पोळा तांदूळ-उडदाचा, सोबत नारळ आणि गूळ, आणि नाव खापरावरून पडलेलं. यातलं काहीही जहाजातून आणावं लागत नव्हतं. सिंधुदुर्गातल्या हिंदू घरांतही खापरोळी याच नावाने, याच रसात बुडवून खातात. चौलला उतरलेल्या माणसाने धर्म आणला, व्यापार आणला. पण जेवला तो इथल्या बाईच्या हातचं.

सांदणाचीही तीच गोष्ट. कोकणी मुसलमानांचं सांदण म्हणजे तांदळाचं आंबवून वाफवलेलं पीठ. वसईकडचे ईस्ट इंडियन ख्रिस्तीही ते करतात. पूर्वी ते फुगवायला माडी वापरत. 1878 च्या मुंबई अबकारी कायद्याने झाडावर कर आणि परवाना आला. 1949 च्या दारूबंदी कायद्याने उरलेली वाटही अवघड केली. माझ्या नानीच्या घरी माडी धर्मामुळेच नको होती. तिथे नारळाचं पाणी आंबवून घालत. कारण कायद्याचं असो वा शरियतचं, बायकांनी जिन्नस बदलला आणि पदार्थ टिकवला.

याच जिल्ह्यातल्या बेने इस्रायली ज्यूंकडे पाहिलं तरी हेच दिसतं. पेणकर, रोहेकर ही त्यांची आडनावं. त्यांच्या धर्मात मांसाबरोबर दूध चालत नाही, म्हणून कालवणात नारळाचं दूध. धर्म त्यांचा, भाषा मराठी आणि नारळ कोकणचा.

आता आमच्या घरात मधुमेह आला आहे आणि त्याच्यासोबत ओट्सही. अर्धी वाटी उडीद आणि अर्धी वाटी तांदूळ चमचाभर मेथीसह दुपारी भिजवते. रात्री वाटताना एक वाटी भिजवलेले ओट्स घालते. आठ-दहा तासांत पीठ वर येतं. हवा धरून ठेवण्याचं काम उडदाच्या चिकटपणाचं. ओट्सने पीठ बुळबुळीत होतं, म्हणून पोळा जरा जाड घालावा आणि झाकण काढायची घाई करू नये. रमजानमध्ये हे फार सोयीचं पडतं, सहेरीला उठल्यावर फक्त तवा तापवायचा. इंग्लंडच्या स्टॅफर्डशरमध्ये ओटच्या पिठात यीस्ट घालून असेच मऊ पोळे करतात. पण माझ्या पोळ्याला कुणी इंग्रजी म्हणणार नाही. दाणा परका आहे, पण तो भिजवण्याची, वाटण्याची, झाकून ठेवण्याची रीत दादी-नानीची आहे.

मग हाच न्याय माणसांना का लावू नये? परक्या दाण्याला आपलं व्हायला एक रात्र पुरते, आणि अकराशे वर्षं इथे जन्मलेल्यांना मात्र अजून मूळ गाव विचारलं जातं. अरब वंशाच्या अभिमानात रमणाऱ्या आपल्या वडीलधाऱ्यांनाही माझं एवढंच सांगणं आहे. बापाकडच्या वंशावळी पुष्कळ लिहून झाल्या. आता आईकडची, चुलीकडची वंशावळ लिहा. ती याच मातीत सापडेल.