२६ नोव्हेंबर : छायालेखक व्ही. के. मूर्ती यांचा जन्मदिन

गुरुदत्त यांच्या चित्रपटांना काळ्या-पांढऱ्या प्रकाशाची भाषा देणारे व्ही. के. मूर्ती यांचा जन्म १९२३ साली आजच्या दिवशी म्हैसूर येथे झाला. बंगळूरमध्ये छायालेखनाचे शिक्षण घेऊन त्यांनी मुंबई गाठली.

‘बाजी’च्या (१९५१) चित्रीकरणात ते सहायक होते. कॅमेऱ्यावरचा त्यांचा हात गुरुदत्तांनी हेरला आणि ‘जाल’पासून (१९५२) ही जोडी जमली. ‘प्यासा’ही मूर्तींनीच टिपला.

‘कागज के फूल’ (१९५९) हा भारतातला पहिला सिनेमास्कोप चित्रपट. त्यातला उन्हाचा झोत आजही डोळ्यांपुढून हलत नाही. मूर्तींनी एक मोठा आरसा स्टुडिओबाहेर उन्हात ठेवला, दुसरा आत उंचावर. पहिल्यावरून दुसऱ्यावर आणि तिथून थेट खाली, असे खरे ऊन त्यांनी अंधाऱ्या स्टुडिओत उतरवले. त्या तिरप्या पट्ट्यात तरंगणारी धूळसुद्धा दिसते!

चित्रपट चालला नाही, पण मूर्तींना फिल्मफेअर पुरस्कार मिळाला.

‘शांतता! कोर्ट चालू आहे’ चित्रपटाचे छायालेखक गोविंद निहलानी हे त्यांचेच सहायक. २००८ चा दादासाहेब फाळके पुरस्कार मूर्तींना मिळाला. हा मान मिळवणारे ते पहिले छायालेखक. ७ एप्रिल २०१४ रोजी बंगळूर येथे त्यांचे निधन झाले.